न वाजविलेले स्वर कोणाचे?

दोन वर्षांपूर्वी आम्ही सिंगापूरला आमच्या भाचीकडे महिनाभर राहिलो होतो. तिची मुलगी त्या वेळी चौदा वर्षांची होती. तिच्या शाळेत चिनी वाद्यवृंद होता आणि चाळीस-पंचेचाळीस मुलींच्या त्या वृंदात मराठी घरातली अशी ती एकटीच. तिच्या वाट्याला आलेल्या वाद्याचे नाव झोंगरुआन. पौर्णिमेच्या चंद्रासारखे वाटोळे अंग, चार तारा, मानेवर पडदे, आणि वाजवायला सरोदियाच्या हातात असतो तसा जवा. वाद्य हाती येऊन तिला जेमतेम वर्ष झाले होते. आम्ही तेथे असतानाच तिच्या शाळेची युवा महोत्सवातील फेरी झाली आणि शाळेला सर्वांत वरचे प्रमाणपत्र मिळाले. भाचीने केक आणला, शेजारणी अभिनंदन करून गेल्या. मुलगी मात्र गप्पगप्प होती.

रात्री सगळे निजल्यावर ती आमच्या खोलीच्या दाराशी येऊन उभी राहिली. म्हणाली, ‘‘आजोबा, तो जलद भाग आहे ना, त्यात आम्ही चौघींनी वाजवलंच नाही. लाओशींनी सांगितलं होतं, हात हलवा, पण तारेला लागू देऊ नका. मग ते सर्टिफिकेट माझं आहे का?’’ लाओशी म्हणजे गुरुजी. आम्ही तिची समजूत घातली. वाद्यवृंदाचे यश सगळ्यांचे असते, पुढल्या वेळी तूही वाजवशील, असे काहीसे बोललो. ती ‘हो’ म्हणाली आणि झोपायला गेली. मुले ‘हो’ म्हणतात तेव्हा त्यांना पटलेले असतेच असे नाही, हे आम्हांस इतक्या वर्षांच्या संसाराने शिकविले आहे. तिचा प्रश्न मात्र आमच्याबरोबर विमानात बसून परत आला, आणि तो वाचकांपुढे ठेवण्यावाचून आम्हांस गत्यंतर उरलेले नाही.

प्रथम तेथील रीत सांगितली पाहिजे. सिंगापूर १९६५ साली स्वतंत्र झाले आणि १९६७ पासून तेथे शालेय मुलांचा युवा महोत्सव भरू लागला. चिनी, मलाय, भारतीय आणि पाश्चात्त्य अशा साऱ्या परंपरांची नृत्ये व वाद्यमेळ त्यात असतात, आणि शाळा एक वर्षाआड आपापले वृंद घेऊन परीक्षकांपुढे उभ्या राहतात. स्थानिक परीक्षकांच्या जोडीला परदेशांतील जाणकारही बोलावले जातात. सर्वांना सामाईक अशी एक नेमलेली रचना आणि शाळेने स्वतः निवडलेली दुसरी, असा प्रघात आहे. पूर्वी ह्या परीक्षणास सेंट्रल जजिंग म्हणत व निकाल पदकांच्या भाषेत लागे: ब्राँझ, सिल्व्हर, गोल्ड, आणि त्याच्याही वर गोल्ड विथ ऑनर्स. २०१३ साली नाव बदलून आर्ट्स प्रेझेंटेशन झाले, पदके गेली आणि त्यांच्या जागी डिस्टिंक्शन, अकम्प्लिशमेंट व कमेंडेशन अशी तीन प्रमाणपत्रे आली. मुलांनी चढाओढीपेक्षा शिकण्याकडे पाहावे, हा त्यामागील हेतू. हेतू चांगला होता यात शंका नाही. परंतु भाचीच्या इमारतीतील बायका लिफ्टमध्ये अजूनही ‘‘गोल्ड मिळालं ना?’’ असेच विचारीत होत्या.

ह्या पद्धतीचा एक गुण येथे नमूद केलाच पाहिजे. तेथे पहिला, दुसरा, तिसरा असे क्रमांक लावीत नाहीत. ठरलेल्या कसोटीला जितके वृंद उतरतील तितक्यांना वरचे प्रमाणपत्र मिळू शकते. एकाला वर चढविण्यासाठी दुसऱ्याला खाली ढकलावे लागत नाही. हाँगकाँगमध्ये १९४० पासून चालत आलेला शालेय संगीत महोत्सव आहे. तेथे गुण देतात, क्रमांकही लावतात, पण परीक्षक प्रत्येक स्पर्धकासाठी आपला अभिप्राय लिहूनही देतात. दोन्ही पद्धतींना त्यांचे कैवारी आहेत. आमचा कल पहिल्या पद्धतीकडे आहे, तथापि लेखी अभिप्राय ही गोष्ट आम्हांस कोणत्याही प्रमाणपत्रापेक्षा मोलाची वाटते. चौदा वर्षांच्या पोराच्या वाजविण्याकडे एका जाणत्या माणसाने कान देऊन ऐकावे आणि ‘तिसऱ्या भागात खालचा स्वर उतरला’ असे कागदावर लिहून द्यावे, ह्यात त्या पोराचा केवढा सन्मान आहे! म्हणूनच मुलांच्या कलेचे परीक्षणच करू नये, असे म्हणणाऱ्यांशी आम्ही सहमत नाही. सगळ्यांनाच ‘छान, छान’ म्हणणे ही एक प्रकारची बेपर्वाई आहे.

पण परीक्षक ऐकतो ते काय? येथे वाद्यांविषयी थोडे विस्ताराने सांगणे भाग आहे, कारण सारी मेख तेथेच आहे.

चिनी वाद्यवृंदात चार घराणी असतात: गजाने वाजवायची, छेडून वाजवायची, फुंकून वाजवायची आणि आघाताने वाजवायची. गजाच्या घराण्यात मुख्य अर्हू. तिला दोनच तारा, दोहोंत पंचमाचे अंतर, आणि गजाचे केस ह्या दोन तारांच्या मध्ये कायमचे अडकलेले. तारांखाली बोटे टेकविण्यासाठी पट्टी नाही. बोट अधांतरी तारेवर ठेवायचे आणि सुराची जागा केवळ कानाने शोधायची. तिच्या लहानशा खोक्याला अजगराचे कातडे ताणून बसविलेले असते, आणि सिंगापूरच्या दमट हवेतून वातानुकूलित सभागृहात नेले की ते आपला स्वभाव बदलते. अशा दहा-पंधरा अर्हू एका सुरात लागणे ही लहान गोष्ट नव्हे. छेडण्याच्या घराण्यात पीपा (आपल्याकडील रॉकेलचे पिंप नव्हे!), रुआन, आणि संतूरच्या गोतावळ्यातील यांगचिन. फुंकीच्या घराण्यात बासरी, बांबूच्या नळ्यांचा जुडगा असलेले शंग, आणि आपल्या सनईची दूरची बहीण शोभावी अशी स्वोना, जिचे नावच मुळी फारसी ‘सुरना’वरून चीनमध्ये गेले. खर्जासाठी पुष्कळ वृंदांत सरळ युरोपीय चेलो आणि डबल बेस घेतात.

हा मेळ प्राचीन दिसतो, पण आजच्या रूपात तो विसाव्या शतकातला आहे. १९३५ च्या सुमारास नानजिंगच्या रेडिओ केंद्रात अशा वृंदाची पायाभरणी झाली. १९५३ साली पेकिंगच्या मध्यवर्ती रेडिओचा वृंद उभा राहिला आणि पंग श्यूवन ह्या संगीतकाराच्या हाताखाली तो सर्वांचा आदर्श ठरला. हाँगकाँगचा व्यावसायिक वृंद १९७७ चा, सिंगापूरचा १९९६ चा. ह्या सर्वांपुढे नमुना होता तो पाश्चात्त्य सिंफनी ऑर्केस्ट्राचा: समोर संचालक, हातात छडी, प्रत्येकाच्या पुढ्यात लिहिलेले संगीत, आणि सर्व गज एकाच वेळी वर, एकाच वेळी खाली.

त्याआधी चिनी मंडळी एकत्र बसून वाजवीत नसत काय? वाजवीत असत; आजही वाजवितात. शांघायच्या आसपासच्या चहाघरांत ‘ज्यांगनान सिझू’ नावाचा एक वाद्यमेळ चालतो. नावाचा अर्थ रेशीम आणि बांबू, म्हणजे तारा आणि नळ्या. हौशी माणसे टेबलाभोवती बसतात, मध्ये चहा. सर्व जण एकच सुरावट वाजवितात, पण कोणीही ती अगदी शेजाऱ्यासारखी वाजवीत नाही. बासरीवाला तिला मुरक्यांनी सजवितो, पीपावाला तिचे बारीक तुकडे करतो, तर कोणी तिचे नुसते मुख्य स्वर धरून राहतो. कोणी उठतो, त्याच्या जागी दुसरा बसतो. तेथे दोघांचे तंतोतंत न जुळणे हा दोष मानीत नाहीत. तीच त्या संगीताची गोडी आहे. ज्याचा हात मंद आहे तो साधी सुरावट वाजवितो आणि मेळाला उणेपणा येत नाही.

शालेय वृंदाच्या परीक्षणात मात्र स्वरशुद्धता, तंत्र, अर्थविवरण यांच्या जोडीला एकसंधपणा पाहावाच लागतो. चाळीस मुलींनी लिहिलेले संगीत वाजवायचे म्हटल्यावर दुसरे करणार काय? आम्ही परीक्षकांना दोष देत नाही. परंतु एकसंधपणा ही कसोटी झाली की मंद हाताच्या मुलीला जागा उरत नाही. चहाघरात जो माणूस साधे स्वर धरून बसला असता, तो येथे गुण कमी करणारा ठरतो. मग गुरुजी म्हणतात, हात हलव, तारेला लावू नकोस. आमच्या नातीचे मौन त्या गुरुजींच्या मनात जन्मले असे आम्ही प्रथम धरून चाललो होतो. आता आम्हांस वाटते की त्याचे मूळ कसोटीतच होते; गुरुजी केवळ तिचा निरोप्या.

येथे आम्हांस एका येशूसंघीय धर्मगुरूची आठवण होते. फादर जोझेफ-मारी आमियो हे फ्रेंच मिशनरी १७५१ साली पेकिंगला पोहोचले आणि १७९३ मध्ये तेथेच निवर्तले. त्यांना संगीताचे उत्तम अंग होते. आपल्या संगीताने चिनी सुशिक्षितांची मने जिंकता येतील ह्या आशेने त्यांनी रामो ह्या थोर फ्रेंच संगीतकाराच्या रचना त्यांना वाजवून दाखविल्या. ऐकणाऱ्यांच्या चेहऱ्यावरची रेषाही हलली नाही. विचारले तेव्हा त्यांनी नम्रपणे सांगितले, की तुमच्या सुरावटी आमच्या कानांसाठी केलेल्या नाहीत आणि आमचे कान त्यांच्यासाठी. दुसरा एखादा ‘अडाणी लोक!’ म्हणून पेटी बंद करता. आमियो चिनी संगीत शिकायला बसले, आणि १७७९ साली पॅरिसमध्ये त्यांचा चिनी संगीतावरील ग्रंथ छापून निघाला. त्यांनी फ्रान्सला शंगही पाठविले होते. शंगमध्ये जी मोकळी पत्ती थरथरते, तिच्याच तत्त्वावर पुढे युरोपात हार्मोनियम बनली. दबँ ह्यांनी पॅरिसमध्ये १८४२ साली तिचे पेटंट घेतले. आमच्या देवळात माळ्यावर जी पेटी ठेवलेली आहे, तिचे आणि त्या बांबूच्या जुडग्याचे असे लांबचे नाते आहे.

आमियोंची गोष्ट सांगण्याचे कारण एवढेच, की कसोटी लावणाऱ्याला आपला कान आधी तपासावा लागतो. आणि तो तपासायला दहा मिनिटे पुरत नाहीत. आमियोंना वर्षे लागली.

तरीही कोणी म्हणेल, की एका प्रमाणपत्राचा एवढा बाऊ कशाला? प्रमाणपत्र नुसते भिंतीवर राहिले असते तर आम्हीही केला नसता. पण त्याचे पुढे नाणे होते. शालेय जीवनातील अशा सहभागाची आणि कामगिरीची तेथे नोंद राहते आणि पुढील प्रवेशाच्या वेळी त्या नोंदीचा थोडाफार उपयोग होतो. २००४ पासून तेथे अशीही सोय आहे, की प्राथमिक शाळेतील मूल परीक्षेचा निकाल लागण्याआधीच संगीतासारख्या गुणाच्या बळावर हव्या त्या माध्यमिक शाळेत जागा मिळवू शकते. ही सोय वाईट नाही. केवळ गणितावर मुलांना तोलू नये म्हणूनच ती केली गेली. परंतु त्यामुळे नामांकित वृंदाच्या शाळेकडे आधीच तयार झालेली मुले जातात, आणि ज्या शाळेत मुले तेराव्या वर्षी पहिल्यांदाच अर्हू हातात घेतात ती शाळाही त्याच मंचावर, त्याच कसोटीला उभी राहते. एका शाळेने प्रत्येक वाद्याला वेगळा शिक्षक ठेवलेला असतो. दुसरीकडे एकच लाओशी अर्हूपासून नगाऱ्यापर्यंत सर्व पाहतात. पडदा उघडल्यावर परीक्षकाला फक्त नाद ऐकू येतो. कोण किती चालून आले हे नादात उमटत नाही.

मग परीक्षकाने ती वाटचाल लक्षात घ्यावी काय? आम्ही ह्यावर बराच विचार केला. प्रथम मनात आले की घ्यावी. पण जो परीक्षक गरीब शाळेचा बेसूर गज ऐकून सुरेल लिहील, तो दया करीत असेल, न्याय करीत नसेल. आणि मुलांना दयेचा वास फार लवकर येतो. परीक्षकाने जे ऐकले ते लिहावे. आम्हांस खटकते ते त्यानंतरचे. निकालाच्या कागदावर ‘ह्या दिवशी, ह्या दहा मिनिटांत, हा नाद असा होता’ एवढाच मजकूर असतो, आणि शाळा, पालक, शेजारणी (आणि केक खाणारे आम्हीही) तो ‘ही मुले अशी आहेत’ असा वाचतो.

आता त्या हलणाऱ्या हाताकडे येऊ. समजा, परीक्षकाने ते पाहिले. जवा हवेत फिरतो आहे आणि तार हलत नाही, हे जाणत्या डोळ्यापासून फार वेळ लपत नाही. त्याने काय करावे? गुण कापले, तर एका प्रौढ माणसाच्या निर्णयाची शिक्षा चाळीस निरपराध मुलींना. न कापले, तर त्या प्रौढ माणसाला असा संदेश, की हे चालते. आम्हांस ह्यातून सरळ मार्ग सापडलेला नाही. लाओशींचीही बाजू आहे. चार अडखळणारे हात चाळीस मुलींच्या वर्षभराच्या श्रमांवर पाणी पाडू शकतात. आणि त्या चौघींना मंचावरून खाली बसविण्याऐवजी त्यांनी निदान सर्वांबरोबर बसू दिले, गणवेष घालू दिला, टाळ्या घेऊ दिल्या. त्यांना ती माया वाटली असेल. आणि आपण तरी त्यांना कोणत्या तोंडाने बोलावे? नाताळाच्या गायनाच्या वेळी ‘तू नुसते ओठ हलव हं’ असे आपल्यापैकी किती जणांनी कोणत्या पोराला सांगितले आहे! आम्ही सांगितले आहे. तो मुलगा आता बापई माणूस झाला आहे, भेटतो तेव्हा आदराने बोलतो, आणि देवळात गात नाही.

फरक एवढाच, की लाओशींना दुसरी वाट होती. निवडीच्या रचनेत तरी चौथ्या-पाचव्या रुआनसाठी एक सोपी ओळ लिहिता आली असती: मात्रेमात्रेला एक स्वर, चहाघरातील त्या साध्या वाजविणाऱ्यासारखा. त्याला वेळ लागतो, कौशल्य लागते, आणि तो स्वर जागेवर पडला नाही तर गुण जाण्याचा धोकाही राहतो. हात हलवायला सांगण्यात धोका नाही. नेमलेल्या रचनेचे सूर शाळेने बदलावेत असे कोणी म्हणणार नाही, पण ज्या महोत्सवाने ‘शिकणे’ हा शब्द पुढे करून पदके काढून टाकली, त्याने ही सोपी ओळ लिहिणाऱ्या गुरुजींकडे कौतुकाने पाहावे, परीक्षकाच्या अभिप्रायात तिचा उल्लेख व्हावा, एवढी अपेक्षा गैर नसावी. मंचावर जितके हात दिसतात तितके ऐकूही आले पाहिजेत, असा आग्रह धरला, तर कदाचित दोन-चार शाळांचे डिस्टिंक्शन जाईल. आमच्या मते ते जावे.

आणि तिच्या प्रश्नाचे काय? ते प्रमाणपत्र तिचे आहे का? वर्षभर ती सरावाला गेली, खुर्च्या मांडल्या, दुसऱ्यांचे चुकणे आणि सुधारणे ऐकले. संथ भागात तिने खरोखर वाजविले, आणि तो भाग त्या निकालात आहे. जलद भागातले तिचे मौन हेही गुरूच्या शब्दाखातर होते. तेव्हा ‘तुझे नाही’ असे म्हणणे खोटे. पण जे स्वर तिने वाजविले नाहीत त्यांच्यासाठीही तिला शाबासकी मिळाली, आणि ती शाबासकी तिला टोचली. ही टोचणी तिच्यात आहे याचे आम्हांस मनातून बरे वाटले होते. त्या रात्री ते तिला सांगण्याचे मात्र सुचले नाही. आम्ही तिची टोचणी काढून टाकायला गेलो. ती चूक आमची.

गेल्या नाताळात तिचा फोन आला होता. आता ती सोळा वर्षांची आहे आणि रुआन वाजविणाऱ्या मुलींची प्रमुख. तिने आईकडून ऐकले होते की आजोबा त्या गोष्टीवर काही लिहीत आहेत. नाव घालू नका, म्हणाली. मग सांगू लागली की ह्या वर्षी एक नवी मुलगी आली आहे, तिचा उजवा हात फार सावकाश चालतो. हिने तिच्यासाठी जलद भागातले मुख्य स्वर तेवढे वेगळ्या कागदावर उतरवून दिले आहेत, आणि सरावात ती तेवढेच वाजविते. लाओशींनी दोनदा ऐकले, काही बोलले नाहीत. स्पर्धेत तो कागद चालेल की नाही, हे अजून ठरायचे आहे.